शेळ्यांच्या गोठ्याला चेनलिंक जाळी मारली, जाळीला ४ स्टार, फिटिंगला २

आमचं गाव जुन्नर तालुक्यात, तिन्ही बाजूंनी ऊस, त्यामुळं बिबट्या का आला असं इथं कोणी विचारत नाही, कधी येतो एवढंच. ऊसतोड सुरू झाली की जास्तच, लपण जाते ना त्याची. माझ्याकडं चौदा शेळ्या, बहुतेक उस्मानाबादी, म्हणून २० बाय ३० फुटाचा रात्रीचा गोठा पक्का करायचं ठरवलं. दुकानाचं नाव लिहीत नाही, गावात रोज तोंडं बघायचीत.

जाळी घेतली १० गेज, २ इंची भोक, ६ फूट उंच, ५० फुटाचे दोन रोल. इथं एक सांगतो, गेजचा आकडा जेवढा मोठा तेवढी तार बारीक, दुकानदार १२ गेज दाखवून "तेच आहे हो भाऊ" म्हणतात. मी वेल्डरकडून व्हर्नियर (जाडी मोजायचं माप) नेला होता, १० गेजची तार सव्वातीन मिमीच्या आसपास भरते आणि १२ ची २.६, डोळ्याला फरक कळत नाही. मला माल बरोबर दिला, पावसाळा काढला तरी कुठं गंज नाही, म्हणून ४ स्टार. एक स्टार कापला कारण शेळ्या पुढचे पाय टाकून उभ्या राहतात न् जाळीला अंग घासतात, त्यानं मधे पोट आलंय. टेन्शन वायर, म्हणजे जाळी ताठ धरणाऱ्या आडव्या तारा, दोनच ओढल्या होत्या, वर न् खाली, मधे दोन तरी पाहिजेत.

आता फिटिंग. अँगल ८ फुटावर, काँक्रीटमधे, ते मजबूत. पण जाळी जमिनीवर नुसती टेकवली न् गडी गेले निघून. पंधरा दिवसात मोकाट कुत्र्यांनी खालनं उकरून एक करडू ओढलं. मग मीच सगळीकडनं फूटभर रुंदीची जाळी बाहेरच्या बाजूला जमिनीत आडवी पुरली, वर दगड रचले, कुत्रं जाळीच्या बुडाशीच उकरतं आणि त्याला तिथं तारच लागते.

दुसरं म्हणजे वरनं उघडं. मी विचारलं तर म्हणे सहा फूट लय झालं. अहो, बिबट्या शिकार तोंडात धरून झाडावर चढतो, त्याला चेनलिंक म्हणजे शिडीच! धनगर लोकं वाघूर, म्हणजे दोरीची जाळी, लावतात ती मेंढ्या आत ठेवायला, वाघ बाहेर ठेवायला नाही, त्याला माणसं न् कुत्री जागी असतात. आपण तर घरात झोपणार. वर अँगल टाकून वेल्डमेश (तारा वेल्ड केलेली जाळी) मारून घेतली तेव्हा कुठं झोप लागली, पण तो खर्च कोटेशनमधे आधीच धरायला पाहिजे होता, सगळं मिळून बजेट दीडपट गेलं. परवा पहाटे मागच्या बाजूला ठसे होते, शेळ्या कोपऱ्यात गोळा होऊन उभ्या, पण सगळ्या जाग्यावर.

गेटला कडी दिलीय ती नुसती सरकपट्टी, बोकडानं शिंग घालून दोनदा उघडली, आता कुलूप लावतो. गेटखाली चार बोटं फट, तीन फोन केले, "उद्या माणूस पाठवतो". शेवटी गावातल्या वेल्डरकडनं पट्टी मारून घेतली, बिल दुकानदाराला व्हाट्सअपवर टाकलंय, निळी टिक आलीय.