ग्वांगझूची प्रायव्हेट फूड टूर आणि 68 युआनचा मासा : कँटन फेअरला जाणाऱ्यांनी नक्की वाचा

पुढच्या एप्रिलच्या कँटन फेअरची (चीनच्या ग्वांगझू शहरात भरणारं मोठं व्यापारी प्रदर्शन) बुकिंगं आत्तापासून सुरू झालीत, आमच्या ओळखीतलेच तीन-चार जण जाणार आहेत आणि त्यातले दोघं बायकोला घेऊन जाणारेत असं कळलं म्हणून हे लिहायला बसले. आमचे एका संध्याकाळी 4,860 युआन गेले, म्हणजे आपले साठ हजार. ज्या पद्धतीने गेले ती पद्धत एकदा नीट समजली की कोणाचेच जाणार नाहीत, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

कोल्हापूरला आमचं भांड्यांचं दुकान आहे. हे याआधी तीनदा फेअरला जाऊन आलेत, दुसऱ्या फेजला म्हणजे दुसऱ्या टप्प्यात, कारण किचनवेअर आणि घरगुती वस्तू सगळ्या त्या फेजला असतात, 23 ते 27 तारखेला. यावेळी ऑक्टोबरमध्ये मी, नणंद आणि दाजी असे आम्ही तिघंही बरोबर गेलो, बँकॉकवरून. दिवसभर ह्यांचं आणि दाजींचं स्टॉल फिरणं चालू, संध्याकाळी चौघं मिळून काहीतरी बघायचं असा बेत होता. आम्ही चौघंही मासे-मटण खाणारे, माझं तर माहेरच मालवणचं, त्यामुळे रोज इंडियन हॉटेलात जाऊन पनीर खायची कोणाचीच इच्छा नव्हती. फक्त बीफ आणि पोर्क नको एवढीच अट.

फेअरला येणाऱ्या आपल्या लोकांचा वीचॅटवर (तिकडचं व्हॉट्सॲपच म्हणा) ग्रुप असतो, हे त्यात होते. त्यात एकाने एका मुलाचा नंबर टाकला होता, चांगलं इंग्लिश बोलतो, संध्याकाळची प्रायव्हेट फूड टूर करतो, चार तास, आठ ठिकाणी खाणं, माणशी 300 युआन, सगळं इन्क्लूडेड. मी स्वतः मेसेज वाचलाय, ऑल फूड इन्क्लूडेड असंच होतं. आम्ही बीफ-पोर्क नको असं कळवलं, तो म्हणाला काही काळजी करू नका, इंडियन गेस्ट मला नवीन नाहीत. पैसे आधी पाठवायला गेलो तर जात नव्हते, कारण परदेशी कार्ड जोडलेलं असलं की अलीपे (मोबाईलवरून पैसे द्यायचं चिनी ॲप) किंवा वीचॅटवरून दुकानाला पैसे देता येतात, माणसाला पाठवता येत नाहीत. तो लगेच म्हणाला की नो प्रॉब्लेम, भेटल्यावर कॅश द्या. दिले 1,200 मोजून मेट्रोच्या दारात. पावती नाही. गळ्यात पट्ट्याला कार्ड लटकवलेलं होतं, आम्हाला वाटलं गाईडचं लायसन्स. नंतर फोटोत झूम करून बघितलं तर ते फेअरच्या एंट्रीचं कार्ड होतं, तसलंच जे आमच्या ह्यांच्याही गळ्यात होतं.

आता खरं ते सांगायला पाहिजे, पहिले दोन तास फार सुंदर गेले. छांगशोउ लू स्टेशनला उतरून शांगशिआजिउच्या बाजाराच्या रस्त्याने आम्ही चालत गेलो, दोन्ही बाजूला जुन्या इमारती, वरचा मजला फुटपाथवर पुढे आलेला आणि खाली खांब, म्हणजे पाऊस आला तरी माणूस कोरडा चालत राहील. तिथे एका छोट्या दुकानात छांगफन खाल्लं, तांदळाचं पातळ पीठ ट्रेवर ओतून वाफेच्या कप्प्यात सरकवतात आणि मिनिटाभरात खरवडून गुंडाळी करून पुढे ठेवतात, आम्ही अंड्याचं आणि कोळंबीचं घेतलं, वर गोडसर सोया सॉस. आपल्या पानगीची नाहीतर घावनाची आठवण येईल इतकं मऊ. मग श्वांगपी नाय म्हणून दुधाचा प्रकार, शुन्दे गावचा मूळचा, म्हशीच्या दुधाचा करायची पद्धत. वर साय, खाली थरथरणारं दूध. नणंद पहिल्याच चमच्याला म्हणाली, वहिनी हा खरवसच आहे. चिकाशिवाय, अंड्याच्या पांढऱ्यावर केलेला, पण जिभेवर अगदी खरवस. तिथून पुढे योंगछिंग फांग नावाच्या जुन्या वस्तीमध्ये ब्रूस लीच्या वडिलांचं घर दाखवलं, ते कँटोनीज ऑपेरातले नट होते. मुलगा बोलायला अतिशय नम्र, नणंदेचा गुडघा दुखतोय म्हटल्यावर हळू चालायचा, दाजींना प्रत्येक पदार्थात काय आहे ते न विचारता सांगायचा. आम्ही पूर्ण निर्धास्त झालो. नंतर हिशोब केला तेव्हा लक्षात आलं की तोपर्यंत चौघांचं मिळून त्याचे शंभर-सव्वाशे युआनसुद्धा खर्च झाले नसतील.

आठपैकी चार ठिकाणं झाल्यावर तो एका कोपऱ्यावर थांबला. समोर गाडीवर मोठ्या भांड्यात बीफची आतडी आणि मुळा उकळत होता. म्हणाला, पुढची सगळी ठिकाणं अशीच आहेत, बीफ नाहीतर पोर्क, एकच कढई एकच चमचा, तुम्हाला चालणार नाही, मला तुमचा धर्म बिघडवायचा नाही, त्यापेक्षा नदीजवळ माझ्या ओळखीचं सीफूडचं हॉटेल आहे, सगळं तुमच्या डोळ्यासमोर जिवंत, स्वच्छ, तिथे जाऊ. आम्हाला काय बोलायचं सुचणार होतं? आमचीच अट आम्हाला पुढे करून त्याने टूर वळवली, आणि उलट आम्हालाच त्याचं कौतुक वाटलं की किती विचार करतो पोरगा. फसवणारा माणूस कसा असतो म्हणाल तर हा असा होता, सगळ्यात जास्त काळजी घेणारा.

हॉटेलमध्ये खाली टाक्याच टाक्या. माझा तर जीव रमला तिथे, गोब्रा होता, शेवंड, माकुल, तिसऱ्या, खेकडे दोरीने बांधलेले, टाकीला हवेचे बुडबुडे सोडलेले. प्रत्येक टाकीवर चिनीत लिहिलेली पाटी आणि आकडा. गोब्र्यावर 68, कोळंबीवर 38, शेवंडावर 88. चीनमध्ये बाजारात वजन जिनमध्ये असतं, एक जिन म्हणजे अर्धा किलो, हे ह्यांना माहीत होतं. ह्यांनी बोट दाखवून विचारलं, सिक्स्टी एट, जिन? गाईड म्हणाला येस येस, जिन, आणि बोट वजनकाट्याकडे केलं.

मी मासेबाजारात वाढलेली बाई. जाळीच्या टोपलीत मासा काढला तेव्हा मी टाकीवरच्या पोऱ्याला खुणेने सांगितलं की पाणी निथळू दे, टोपली वेगळी मोज. त्याने खरंच निथळवला, टोपलीचं वजन शून्य करून दाखवलं, काट्यावर आकडा आला 2.4, म्हणजे एक किलो दोनशे. चोख वजन. आणि मी समाधानाने मान हलवली आणि त्याच क्षणी त्याने तो मासा खाडकन फरशीवर आपटला. मी दचकलेच. गाईड म्हणाला की हाच मासा तुमच्या ताटात येणार याची ती खूण आहे. मला तेव्हा ते पटलं, पण आता कळतं की मासा मेला की सौदा पक्का झाला, आता तो परत टाकीत जाणार नाही.

वर जेवायला बसलो. तिकडे आधी गरम चहा ओतून वाट्या-चॉपस्टिक विसळायची पद्धत आहे, नणंदेला ते फार आवडलं. मासा आला आलं आणि कांद्याची पात घालून वाफवलेला, कोळंबी नुसती उकडलेली, शेवंड लसूण घालून. चव उत्तम, त्यात काही खोट नाही. मनातल्या मनात हिशोब होताच, मासा 163, कोळंबी एक जिन 38, शेवंड दीड जिन 132, बाकी भात-भाजी-तिसऱ्या-चहा धरून सहा-सातशे. टूरमध्ये हे धरलेलं नाही असं तो जेवण अर्धं झाल्यावर म्हणाला, इन्क्लूडेड म्हणजे फक्त स्नॅक्स. ह्यांनी कपाळाला आठ्या घातल्या, पण दाजी म्हणाले जाऊ दे, सातशे युआन म्हणजे चौघांचं चांगलं जेवण झालं.

बिल आलं 3,660.

हाताने लिहिलेला कागद. मासा 1,632. कोळंबी 380. शेवंड 1,320. बरोबर दहापट, तिन्ही ठिकाणी. मग शिजवायचे वेगळे 160, माणशी 8 चहाचे (हा चहाचा आकार तिकडे खरंच असतो, त्यात फसवणूक नाही). ह्यांनी मोबाईलचा कॅल्क्युलेटर काढून बिल आणणाऱ्या बाईपुढे गुणाकार केला, तर तिने माझ्या ह्यांच्या हातातून मोबाईल घेऊन 24 गुणिले 68 केलं आणि परत दिला. चोवीस कुठून आले तेच कळेना. गाईडला हाक मारली तर तो फोनवर बोलत जिन्याने खाली गेलेला, तो गेलाच. फोन उचलेना. जिन्यापाशी दोन माणसं येऊन उभी राहिली, काही बोलली नाहीत, हात लावला नाही, फक्त उभी. रात्रीचे सव्वानऊ, भाषा येत नाही, बरोबर दोन बायका. ह्यांनी अलीपेने पैसे भरले, त्यावर परदेशी कार्डाचे 3 टक्के वेगळे गेले. तिथेच 110 ला फोन लावायला हवा होता, पोलिसांचा नंबर आहे तो. घाबरून लावला नाही, आणि याचं मला आजही वाईट वाटतं.

आमच्या मुक्कामाच्या हॉटेलवर परत आलो तेव्हा रिसेप्शनवरच्या मुलीने आमचे चेहरे बघूनच विचारलं काय झालं. तिला कागद दाखवला. तिने एका अक्षरावर पेन ठेवलं आणि भाषांतराच्या ॲपवर आम्हाला समजावलं की हे जिन नाही, हे ल्यांग आहे. दहा ल्यांग म्हणजे एक जिन. एक ल्यांग म्हणजे पन्नास ग्रॅम. भाव पन्नास ग्रॅमचा होता! 68 युआनला अर्धा किलो नाही, पन्नास ग्रॅम. म्हणजे माझं सगळं लक्ष वजनाकडे, आणि भाव कशाचा आहे हे त्या पाटीवर लिहिलेलं होतं. दाजींचा टाकीपुढे उभं राहून काढलेला फोटो होता, त्यात मोठं करून बघितलं तर 68 च्या खाली बारीक ते अक्षर दिसलं. आकडा तळहाताएवढा आणि अक्षर नखाएवढं.

ती मुलगी सांगत होती की हे फक्त परदेशी लोकांबरोबर होत नाही. 2015 च्या ऑक्टोबरच्या सुट्टीत छिंगदाओ शहरात त्यांच्याच लोकांना एका हॉटेलात 38 युआनची कोळंबी प्लेटचा भाव समजून खायला घातली आणि बिल करताना एकेका कोळंबीचे 38 लावले होते, देशभर बोभाटा झाला आणि हॉटेलला 90,000 युआन दंड झाला. तिनेच स्वतःच्या मोबाईलवरून 12315 वर आमची तक्रार टाकली, हा तिकडचा ग्राहक तक्रारीचा नंबर. तिने पहिला प्रश्न विचारला, फापिआओ आहे का? फापिआओ म्हणजे पक्कं बिल, टॅक्सचं. आमच्याकडे नव्हतं. पण अलीपेची नोंद होती, फोटो होता, हाताने लिहिलेला कागद होता. दुसऱ्या दिवशी आमचं विमान. कोल्हापूरला आल्यावर नवव्या दिवशी ह्यांच्या कार्डावर 900 युआन परत आले, त्या सीफूडच्या हॉटेलकडून. गाईडला दिलेल्या 1,200 चं काहीही झालं नाही, कारण कॅशचा पुरावाच नाही. आणि त्या मुलीने हेही सांगितलं की चीनच्या पर्यटन कायद्याने (2013 चा) गाईडला एजन्सीमार्फतच काम करता येतं, स्वतः परस्पर गिऱ्हाईक घेता येत नाही, खऱ्या गाईडकडे गाईडचं सर्टिफिकेट असतं ते मागितलं की दाखवतो. आम्ही मागितलंच नव्हतं.

तर जाणाऱ्यांनी कृपा करून एवढं करा. टूर घ्यायची तर पैसे कंपनीच्या नावाच्या क्यूआरवर द्या, कॅश अजिबात नको, आणि कुठल्या आठ ठिकाणी नेणार त्यांची नावं आदल्या दिवशी मेसेजवर घ्या, मधेच बदल झाला तर तिथूनच परत फिरा, कितीही गोड कारण सांगितलं तरी. टाकीतला मासा घेताना मासा मारायच्या आधी पूर्ण मासा किती युआनला पडेल तो एकच आकडा कॅल्क्युलेटरवर टाइप करून घ्या आणि त्याचा फोटो काढा, जिन-ल्यांगच्या भानगडीत पडूच नका. शिजवायचे किती तेही तेव्हाच. आणि खरं सांगू का, टूरची गरजच नाही, दुसऱ्या दिवशी सकाळी विमानाआधी मी आणि नणंद दोघीच त्या छांगफनसारख्याच एका दुकानात गेलो, अंड्याच्या चित्रावर बोट ठेवलं, दोघींचे मिळून 16 युआन झाले.

ते ल्यांगचं अक्षर ओळखायला सोपं आहे. वर एक आडवी रेघ, तिच्याखाली दाराची चौकट आणि चौकटीच्या आत दोन छोटी माणसं शेजारी शेजारी उभी. जिनच्या अक्षराला चौकट नसते. त्या रिसेप्शनवरच्या मुलीने हॉटेलच्या चिठ्ठीवर दोन्ही अक्षरं मोठी काढून दिली, खाली 50 आणि 500 असे आकडे लिहून. ती चिठ्ठी ह्यांच्या पासपोर्टच्या कव्हरमध्ये ठेवलीय, एप्रिलला जाणाऱ्या दोघांना तिचा फोटो कालच पाठवला, अजून कोणाला पाहिजे असेल तर मला सांगा, लगेच पाठवते.