लाउडनेसच्या जपानी सीडी, खोट्या फ्लॅक फाइली आणि माझे १८,००० रुपये

जुन्या जपानी सीडी विकतो म्हणणाऱ्या एकाने मला १८,००० रुपयांना गंडवलं. पैसे घेऊन गायब होणारे पुष्कळ असतात. हा गायब झाला नाही, उलट लगेच माल पाठवला. त्यातच खरी मेख आहे.

लाउडनेस म्हणजे जपानमधल्या ओसाकाचा हेवी मेटल बँड. लेझी या बँडमधून बाहेर पडलेल्या अकिरा ताकासाकी (गिटार) आणि मुनेताका हिगुची (ड्रम्स) यांनी १९८१ मध्ये तो उभा केला. १९८५ च्या 'थंडर इन द ईस्ट'ने त्यांना अमेरिकेत पोचवलं आणि तिथूनच संग्राहकांची डोकेदुखी सुरू झाली. १९८४ चा 'डिसइल्यूजन' जपानीत आहे आणि इंग्रजीतही. १९८६ चा 'शॅडोज ऑफ वॉर' अमेरिकेत 'लाइटनिंग स्ट्राइक्स' या नावाने निघाला. मिक्सिंग वेगळं, गाण्यांचा क्रमही वेगळा. त्यामुळे चाहत्याला जपानी प्रतच हवी असते, तीही कडेच्या कागदी पट्टीसकट, म्हणजे ओबीसकट.

विक्रेता मराठी. ओसाकात नोकरीला होतो, परत येताना सगळा संच आणला, आता घरात जागा नाही, असं म्हणाला. फोटो झकास होते. ओसाकातल्या गल्ल्यांबद्दलही तो ऐसपैस बोलायचा. पैसे यूपीआयने घेतले आणि त्याच संध्याकाळी क्लाउडची लिंक आली: "दादा, पार्सल पोचेपर्यंत ऐकायला घ्या. माझ्याच सीडीवरून काढलेल्या फ्लॅक आहेत, लॉगसकट." फ्लॅक म्हणजे आवाजातलं काहीही न गमावता साठवलेली फाइल, आणि लॉग म्हणजे सीडीवरून ती काढताना बनणारी नोंद.

असं मिळाल्यावर कोण तक्रार करणार? पुढे पार्सलची कारणं सुरू झाली. कुरियरवाला आला नाही, गावाला लग्न आहे, केस तडकलीय म्हणून बदलतोय. दर वेळी सोबत एखादा नवा फोल्डर यायचा, कधी लाइव्ह अल्बम तर कधी बोनस ट्रॅक. सीडी एकही आली नाही.

फाइलींचं बिंग 'शॅडोज ऑफ वॉर'ने फोडलं. जपानी प्रत त्याच नावाच्या गाण्याने सुरू होते. फोल्डरमध्ये पहिलं गाणं 'लेट इट गो' होतं, म्हणजे आतला मजकूर अमेरिकन प्रतीचा आणि वर नाव जपानी. मग सगळ्या फाइली स्पेकमध्ये उघडल्या. हे फुकटचं सॉफ्टवेअर आवाजाचा आलेख काढून दाखवतं. सीडीचा आवाज २२ किलोहर्ट्झपर्यंत जाऊ शकतो. इथे बहुतेक गाणी १६ किलोहर्ट्झवर सुरीने कापल्यासारखी सपाट संपत होती. १२८ केबीपीएसच्या एमपीथ्रीची ही नेहमीची खूण. जुन्या ॲनालॉग रेकॉर्डिंगमध्येही वरचे सूर कमी असू शकतात, पण ते हळूहळू विरत जातात, सरळ रेषेत तुटत नाहीत. एमपीथ्री करताना गेलेला आवाज फ्लॅक केल्याने परत येत नाही. पाणी घातलेलं दूध पितळी कळशीत ओतलं म्हणून दाट होत नाही. हेडफोन लावला तर हिगुचीचे सिंबल्स पाण्याखाली वाजल्यासारखे येतात. मेटलमध्ये चोरी पकडायला याहून सोपी जागा नाही.

लॉगचं काय? ती साधी टेक्स्ट फाइल, कुठूनही उचलता येते. लॉगमध्ये प्रत्येक गाण्याचा सीआरसी आकडा असतो, म्हणजे गाण्याच्या डेटावरून काढलेला पडताळणीचा आकडा. तो क्यूटूल्स या सॉफ्टवेअरने हातातल्या फाइलशी ताडून बघायचा. माझ्याकडे एकही जुळला नाही.

आता खेळ लक्षात घ्या. फाइली ही भेट नव्हती, आपल्याला गप्प बसवायची सोय होती. पैशांच्या ऑनलाइन फसवणुकीसाठी १९३० हा क्रमांक आहे, पण तो तातडीने फिरवला तरच उपयोग, कारण रक्कम पुढे वळवली जाण्याआधी खात्यात गोठवावी लागते. त्याच्या गोड बोलण्यात तेवढा वेळ सहज निघून गेला. तक्रार नोंदवली तेव्हा खातं रिकामं होतं. सायबरक्राइमच्या सरकारी पोर्टलवरही नोंद केली आहे, अजून हाती काही नाही.

कुणी असा संच देऊ केला तर फाइलींकडे बघूच नका, चकतीचा फोटो मागा. मधल्या छिद्राभोवतीच्या कड्यावरचा क्रमांक स्पष्ट दिसला पाहिजे आणि शेजारी तुमचं नाव लिहिलेली चिठ्ठी हवी. '८५ ची पहिली प्रत' म्हणत असेल आणि कड्यावर आयएफपीआयचा (रेकॉर्ड कंपन्यांच्या जागतिक संघटनेचा) कोड असेल तर तो थापा मारतोय, कारण हे कोड १९९४ पासून आले. ओबीवरची किंमतही बघा: जपानमध्ये उपभोग कर लागला एप्रिल १९८९ मध्ये. त्याआधीच्या पट्टीवर करासकट किंमत असूच शकत नाही. आणि पैसे पार्सल हातात आल्यावर, किंवा रक्कम मध्ये अडकवून ठेवणाऱ्या व्यवस्थेतूनच द्या. "तुमच्यावर विश्वास आहे हो, पण यूपीआयच करा" म्हणणाऱ्याला तिथेच नमस्कार.

तेच फोटो गेल्या आठवड्यात दुसऱ्या नावाने परत दिसले, दर आता १५,००० रुपये. ओळखायची खूण अशी: सगळा संच सतरंजीवर मांडलेला आहे, आणि 'थंडर इन द ईस्ट'च्या ओबीचा खालचा डावा कोपरा फाटलेला आहे.