ट्रॉलीवरचा कोबॉट की जाळीतला रोबो?

सीएनसी लेथला (संगणकावर चालणाऱ्या कातकामाच्या मशीनला) जॉब, म्हणजे घडवायचा भाग, लावायला-काढायला रोबो घ्यायचा ठरला की पुढचा प्रश्न हाच. आमच्या शिरोली एमआयडीसीतल्या शॉपमध्ये दोन्ही वापरून झाले, आधी सुरक्षेच्या जाळीत बंद असलेला नेहमीचा रोबो, मग ट्रॉलीवरचा कोबॉट, म्हणजे माणसाशेजारी जाळीशिवाय चालू शकणारा रोबो.

वेगात जाळीतला सरस, यात वाद नाही. 20-25 किलोचं कास्टिंग असेल किंवा एकच जॉब वर्षभर तीन शिफ्ट चालत असेल, तर बहुधा तोच घ्यावा. यूआर5ई सारख्या कोबॉटची उचल 5 किलो, आणि ग्रिपरचं (जॉब पकडणाऱ्या पंजाचं) वजन त्यातच धरायचं.

पण आमच्याकडे जवळपास दर आठवड्याला जॉब बदलतो, आणि मला वैताग आणला तो जाळीच्या दारानं. इन्सर्ट (लेथचं कापणारं पातं) झिजला, उघडा दार. चकमध्ये (जॉब धरणाऱ्या जबड्यात) चीप, म्हणजे धातूचा कीस, अडकली, उघडा दार. दार उघडलं की रोबो थांबतो, थांबलाच पाहिजे. मग दार लावा, रिसेट करा, रोबोचा हात सावकाश होमला (सुरुवातीच्या जागेला) न्या, ग्रिपरमधला अर्धवट जॉब काढा, सायकल पुन्हा सुरू करा. मिनिटभराच्या कामाला दहा मिनिटं. सेटर (मशीन लावून देणारा कामगार) इतका कंटाळायचा की झिजलेला इन्सर्ट दिसत असूनही म्हणायचा, "साहेब, अजून चार काढू, मग बदलू." नेमके तेच चार रिजेक्शनच्या पेटीत जायचे.

ट्रॉलीवरच्या कोबॉटला आम्ही एरिया स्कॅनर लावलाय. माणूस जवळ आला की कोबॉट संथ होतो, अगदी जवळ गेलं की थांबतो, बाजूला झालं की आपोआप पुढे चालतो. इन्सर्ट आता वेळेवर बदलला जातो. मात्र जॉबला धारदार बर (कडेला राहिलेली धातूची कूस) असेल, तर कोबॉट असला तरी आडोसा हवाच.

त्याचंही एक दुखणं आहे. ट्रॉली दुसऱ्या लेथला नेऊन परत आणली की जागा मिलिमीटरभर सरकते आणि जॉब चकमध्ये नीट बसत नाही. जमिनीत पिनांची प्लेट बसवल्यावर ते बरंच थांबलं. तरी प्लेटवर एखादी चीप राहिली की ट्रॉली तिरकी बसते, म्हणून हँडललाच ब्रश टांगून ठेवलाय.

डेमोला गेलात, तर चालू सायकल बघून निघू नका. ट्रॉली हलवायला लावा, परत जागेवर आणायला लावा आणि कोबॉटला नव्यानं काहीही न शिकवता सलग 20 जॉब लावून दाखवा म्हणा.