ॲपल क्रंबलच्या कसोटीवर २८ लिटरचा ओटीजी

सफरचंदाच्या फोडींवर मैदा, लोणी आणि साखर यांचा भुरभुरीत थर पसरून भाजलेले इंग्रजी पद्धतीचे ॲपल क्रंबल घरी करता यावे, या एका हेतूने मी हा २८ लिटरचा ओटीजी (ओव्हन-टोस्टर-ग्रिल, म्हणजे वर-खाली तापणारे रॉड असलेली विजेची छोटी भट्टी) घेतला. गेल्या चार महिन्यांत त्यात दहा-बारा वेळा क्रंबल केल्यावर हे मत नोंदवीत आहे.

पहिल्या वेळी वरचा थर वीस मिनिटांतच करपला आणि खालच्या फोडी मात्र कच्च्या राहिल्या. वेगळा थर्मामीटर आणून आत ठेवला, तेव्हा बटण १८० अंशांवर असताना आतले तापमान २०५ पर्यंत जाते असे दिसले. माहितीपुस्तिकेत याविषयी एक अक्षरही नाही, आणि ही या ओटीजीची खरी उणीव आहे. आता मी बटण १६० वर ठेवून पंधरा मिनिटे तापवते, भांडे सर्वांत खालच्या जाळीवर ठेवते, पहिली वीस मिनिटे फक्त खालचा रॉड चालू ठेवते आणि मगच दोन्ही रॉड लावते. चाळीस मिनिटांनी भांड्याच्या कडेने पाकासारखा दाट रस बुडबुडू लागतो आणि वरचा थर खरपूस बदामी होतो. आतला दिवा चांगला असल्यामुळे हे सारे दार न उघडता दिसते, ही मोठी सोय आहे.

पाऊण किलो सफरचंदांना १५० ग्रॅम मैदा, ७५ ग्रॅम लोणी आणि तेवढीच साखर पुरते. शंकरपाळ्यांना आपण कडकडीत मोहन घालतो, येथे मात्र लोणी फ्रीजमधले गारच हवे. ते बोटांच्या टोकांनी चोळून जाडसर रव्यासारखे झाले की थांबावे, कारण मूठ वळेपर्यंत मळले तर थर भुरभुरीत न होता दडस होतो. इंग्लंडमध्ये यासाठी वापरतात ती ब्रॅम्ली सफरचंदे आंबट असतात. आपल्याकडची काश्मिरी किंवा सिमल्याची सफरचंदे गोड असल्याने फोडींना एका लिंबाचा रस आणि थोडी दालचिनी अवश्य लावावी.

नऊ इंचांचे एकच काचेचे भांडे आत मावते, त्यामुळे सहा जणांपेक्षा अधिक माणसांसाठी हा ओटीजी अपुरा आहे. चौकोनी कुटुंबाने मात्र तो निःशंकपणे घ्यावा, फक्त थर्मामीटर त्याच दिवशी आणावा.