मोल्चात दोमा : आधी ‘एताझी’ ऐकावा की ‘बेलाया पोलोसा’?

बेलारूसमधील मिन्स्कच्या ‘मोल्चात दोमा’ या तिघांच्या बँडचे ‘सुद्नो’ हे गाणे २०२० मध्ये टिकटॉकवर जगभर गाजले. त्याच वर्षी जूनमध्ये आपल्याकडे टिकटॉकच बंद झाले, त्यामुळे आमच्या भागात ते पुढे रील्समधून, तुकड्यातुकड्यानेच आले. तो तुकडा मनात बसला आणि पूर्ण अल्बम उतरवून घ्यायचा झाला, तर २०१८ चा ‘एताझी’ घ्यावा की २०२४ चा ‘बेलाया पोलोसा’, एवढाच प्रश्न उरतो. मधला ‘मॉन्युमेंट’ मला ‘एताझी’चाच पुढचा भाग वाटत असल्याने तो येथे बाजूला ठेवला आहे.

‘एताझी’मध्ये ड्रम मशीनचा न बदलणारा ठोका, वरच्या सुरांत धून धरणारी बास गिटार, पातळसा सिंथ (सिंथेसायझर) आणि भिंतीपलीकडून यावा तसा येगोर श्कुत्कोचा जड, निर्विकार आवाज आहे. ‘सुद्नो’चे शब्द बोरिस रिझी या रशियन कवीचे, भाषा येत नसली तरी त्या गाण्यातला कोरडेपणा पोचतो. बेलारूस सोडून लॉस एंजेलिसला गेल्यानंतरचा ‘बेलाया पोलोसा’ मात्र ऐसपैस आहे : सिंथचे थर वाढले, नव्वदच्या दशकातील इलेक्ट्रॉनिक संगीताची छाया आली आणि गायकाचा आवाज पुढे सरकला. ध्वनिमुद्रणाच्या सफाईत तोच सरस आहे, याबद्दल वाद नसावा.

माझी अडचण निराळीच आहे. हरभऱ्याच्या ओलिताला आमच्याकडे थ्री-फेज लाइन बरेचदा रात्रीच मिळते, आणि एखादा फेज गेला तर मोटर जळण्याची भीती असल्याने एक कान स्टार्टरकडे ठेवावाच लागतो. म्हणजे तिथे गाणी ऐकताना इअरफोन एकाच कानात. ‘बेलाया पोलोसा’ची रचना दोन्ही कानांत पसरलेली असल्याने अशा ऐकण्यात तिचा काही भाग चक्क गळून पडतो. शिवाय पन्नास हर्ट्झच्या विजेवर चालणाऱ्या मोटरीची घरघर शंभर हर्ट्झच्या आसपास असते, आणि या अल्बमातील खोल सिंथही बहुधा त्याच पट्ट्यात वावरत असल्यामुळे दोन्हींचा काला होतो. आवाज वाढवला की वरचे सूर तेवढे टोचतात, तळ काही हाती लागत नाही. ‘एताझी’ची बास आणि गिटार या घरघरीच्या वरून सरळ निघून जातात, निदान माझ्या कानाला तरी काही हरवल्यासारखे वाटत नाही.

घरात चांगले हेडफोन लावून निवांत ऐकणाऱ्याचा अनुभव कदाचित उलटा असेल, आणि ‘एताझी’ची गाणी एकाच रंगाची आहेत ही तक्रारही अगदीच खोटी नाही. तरीही दोन्ही ऐकायचे असतील, तर क्रम ‘एताझी’पासूनच धरावा, असे सुचवतो, नवा अल्बम आधी ऐकलेल्या माणसाला जुना फक्त कच्चा वाटतो, आणि बँडने पुढे काय मिळवले व काय सोडले, हे त्याच्या ध्यानातच येत नाही.