चंदीगड हाफ-डे टूर: ‘कॅपिटॉल पास’चे पैसे मागितले तर देऊ नका

शिमला-मनाली करून परतणाऱ्या मराठी कुटुंबांच्या हाती चंदीगडमध्ये बहुतेक वेळा अर्धा दिवस रिकामा असतो. मनालीहून रात्री निघालेली व्हॉल्वो सकाळी सेक्टर ४३च्या बसस्थानकावर सोडते आणि मुंबई-पुण्याचं विमान दुपारनंतर असतं. हातात बॅगा असतात, शहर अनोळखी असतं आणि संध्याकाळी विमान गाठायचं असतं. या मधल्या वेळेवर डोळा ठेवून तिथे काही लोक धंदा करतात. मे महिन्यात आमच्याबरोबर जे झालं ते सविस्तर लिहिते आहे, कारण आता दिवाळीच्या सुट्टीत पुष्कळ जण तिकडे जातील.

आमच्यासाठी चंदीगड हा नुसता वेळ काढायचा थांबा नव्हता. लेक आर्किटेक्चरच्या दुसऱ्या वर्षाला आहे. गेल्या वर्षी तिने तिथल्या हायकोर्टाचं मॉडेल केलं होतं, छपराच्या कमानी कापताना बोट कापून घेतलं होतं. सगळ्या सहलीत तिला एकच गोष्ट बघायची होती, कॅपिटॉल कॉम्प्लेक्स. फाळणीत लाहोर पाकिस्तानात गेलं आणि पंजाबला राजधानी उरली नाही, म्हणून हे शहर नव्याने वसवलं. पहिला आराखडा अल्बर्ट मेयर आणि मॅथ्यू नोविकी यांचा. १९५० मध्ये नोविकी विमान अपघातात गेले आणि १९५१ पासून काम फ्रान्समधले जगप्रसिद्ध वास्तुविशारद ल कॉर्बुझिए यांच्याकडे आलं. सचिवालय, विधानसभा आणि हायकोर्ट या तीन इमारतींचा हा परिसर २०१६ पासून युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आहे. नवी मुंबईत वाशीला राहत असल्यामुळे सेक्टर, नोड, आखीव रस्ते आम्हाला नवे नाहीत. पण ही कल्पना आपल्याकडे जिथून आली ते शहर बघायचं, याचं आम्हा सगळ्यांनाच अप्रूप होतं.

इंटरनेटवर ‘हेरिटेज हाफ-डे टूर’ अशी जाहिरात मिळाली. व्हॉट्सअॅपवर बोलणं झालं. माणूस अदबीने बोलत होता, ‘मॅडमजी, आप बस टाइम बताओ’. त्याने रंगीत पत्रक पाठवलं, त्यावर युनेस्कोचं चिन्हसुद्धा होतं. चौघांचे ६,४०० रुपये, आणि हिशेब खाली फोडून दिलेला: गाडी २,८००, लायसन्सवाला गाइड १,२००, रॉक गार्डनची तिकिटं आणि सुखना तलावावर बोटिंग ८००, आणि ‘कॅपिटॉल हेरिटेज पास’ माणशी ४०० प्रमाणे १,६००. निम्मे पैसे आगाऊ. यूपीआयवर पैसे पाठवताना नाव कंपनीचं न येता एका व्यक्तीचं आलं. विचारलं तर ‘हमारे अकाउंटंट हैं जी’.

सगळ्यात जास्त विश्वास बसला तो त्या पासच्या ओळीमुळे. हायकोर्ट आणि विधानसभा, म्हणजे पोलीस बंदोबस्त आलाच, म्हणजे पासही लागत असणार, असंच कुणालाही वाटेल. ओळखपत्रांचे फोटोही त्याने मागून घेतले, ‘परमिशन के लिए’.

प्रत्यक्षात असा कुठलाही विकतचा पास नाही. चंदीगड पर्यटन विभाग कॅपिटॉल कॉम्प्लेक्सची गाइडसह फेरी विनामूल्य घडवतो. सेक्टर १ मधल्या पर्यटन माहिती केंद्रावर जायचं, मूळ ओळखपत्र दाखवायचं, नोंद करायची आणि ठरलेल्या वेळी त्यांच्या माणसाबरोबर चालत निघायचं. एवढंच आहे. हे आम्हाला कळलं, पण दुपारी.

साडेआठला येणारी गाडी पावणेदहाला आली. ड्रायव्हरने आधी बॅगा डिकीत भरल्या आणि मग सांगितलं की गाइड पुढे भेटेल. ‘पहले पंजाब की कारीगरी देख लो’ म्हणत गाडी एका फुलकारीच्या, म्हणजे पंजाबी भरतकामाच्या, शोरूमपुढे उभी केली. बाहेर ‘गव्हर्नमेंट अप्रूव्ह्ड’ अशी पाटी. आत गेल्यावर चहा आला, दुपट्ट्यांचे ढीग उलगडले गेले, आणि सासूबाईंना खुर्ची देऊन त्यांच्यापुढे शालीमागून शाली पसरल्या. तिथून पाऊण तास सुटका नाही. ड्रायव्हरला फोन लावला तर उचलेना.

दुसरा थांबा मात्र नीट सांगण्यासारखा आहे, कारण तो मुलीला हेरून घेतला होता. ती काय शिकते हे ड्रायव्हरने गाडीत विचारून घेतलं होतं. एका गल्लीतल्या गोदामात नेलं. आत सागवानी खुर्च्या रांगेने मांडलेल्या, इंग्रजी व्ही उलटा धरावा तसे पाय आणि वेताची बैठक. कॉर्बुझिए यांचे चुलतभाऊ पियेर जानरे यांनी शहरातल्या सरकारी कचेऱ्यांसाठी ज्या खुर्च्या करून घेतल्या, त्या घाटाच्या. मालक म्हणाला, ‘ओरिजिनल है, सरकारी नीलामी का माल. स्टूडेंट है इसलिए अठारह हजार. कुरियर हम कर देंगे.’ अस्सल खुर्च्यांच्या पाठीवर किंवा कडेला कचेरीचं नाव आणि क्रमांक रंगवलेला असतो. तसा तो इथेही होता. लेकीने खाली बसून त्यावर बोट फिरवलं तर पांढरा रंग बोटाला लागला. शिवाय लाकडाला पॉलिशचा ताजा वास. पन्नासच्या दशकापासून कारकुनांनी वापरलेल्या खुर्चीचे हात झिजून गुळगुळीत होतात. या खुर्च्यांच्या कडा हाताला टोचत होत्या.

आणि समजा अस्सल असती तरी? परदेशातल्या लिलावांत या खुर्च्या लाखो रुपयांना जायला लागल्यावर केंद्रीय गृह मंत्रालयाने २०११ मध्ये चंदीगडच्या वारसा वस्तूंच्या विक्रीला आणि निर्यातीला मनाई केली. म्हणजे खोटी असेल तर पैसे बुडाले, खरी असेल तर आपण नको त्या भानगडीत. आर्किटेक्चरच्या मुलांना हा मोह होणारच, म्हणून मुद्दाम लिहिते आहे.

रॉक गार्डनला पोचेपर्यंत पावणेबारा. तिथे गाइड आला. वीस-बावीस वर्षांचा मुलगा, गळ्यात पट्टा, पण पट्ट्याला लावलेलं कार्ड शर्टाच्या खिशात. दाखव म्हटलं तर हसून विषय बदलला. आत शिरताच त्याने सांगायला सुरुवात केली की ही बाग सरकारने फ्रान्सहून माणूस बोलावून बांधून घेतली. माझा संताप झाला तो इथे. नेकचंद हे सार्वजनिक बांधकाम खात्यात रस्त्यांचे निरीक्षक होते. नवं शहर बसवण्यासाठी जी गावं हलवली गेली त्यांचा राडारोडा, फुटक्या बांगड्या, कपबशा, विजेचे सॉकेट, हे सगळं गोळा करून त्यांनी जंगलखात्याच्या जागेत कुणाला न सांगता वर्षानुवर्षं ही बाग उभी केली. कळल्यावर ती पाडायची वेळ आली होती, लोक पाठीशी उभे राहिले आणि १९७६ मध्ये ती सगळ्यांसाठी उघडली. बांगड्यांच्या काचांच्या त्या बाहुल्यांपुढे उभं राहून त्या माणसाचं नावही न सांगणं म्हणजे पैशांपेक्षा मोठी लूट आहे. लेकीने शांतपणे आजीला सगळी गोष्ट सांगितली. आजूबाजूची दोन-तीन कुटुंबंही ऐकत उभी राहिली.

नंतर गाडी थोडी पुढे नेऊन रस्त्याच्या कडेला थांबवली. झाडांवरून एक लांबलचक काँक्रीटची इमारत डोकावत होती. ‘वो देखो जी, हाईकोर्ट.’ लेक म्हणाली, हे सचिवालय आहे, हायकोर्टाला तीन रंगीत खांब आहेत, हिरवा, पिवळा, लाल. मग ड्रायव्हर म्हणाला, आज व्हीआयपी मूव्हमेंट आहे, अंदर बंद है, फोटो इथूनच काढा. मग पासचे पैसे? ‘वो तो सरकार को चला गया.’ बोटिंगचं काय विचारलं तर म्हणे उशीर झालाय.

बंद आहे तर बंदोबस्त, अडथळे, थांबवलेली वाहनं काहीतरी दिसायला हवं. तसं काहीच नव्हतं. नवरा आणि लेक उतरून चालत निघाले आणि विचारत विचारत माहिती केंद्रावर पोचले, फार लांब नव्हतंच. काउंटरवरच्या बाईंनी सांगितलं, आज काहीही बंद नाही. दहाची फेरी झाली, बाराची झाली, पुढची तीनला. पैसे? पैसे कसले, फ्री आहे. त्यांनी भिंतीवरचा फलकही दाखवला. नवऱ्याने त्याचा फोटो काढला. आमचं विमान पाच वीसचं, साडेतीनला विमानतळावर पोचणं भाग. म्हणजे तीनची फेरी अशक्य. सकाळी सातपासून आम्ही शहरात होतो आणि दहाची फेरी सहज मिळाली असती. ती वेळ शोरूममध्ये आणि गोदामात गेली, आणि ती तशीच जावी अशी आखणी होती. फेरीच्या वेळी गिऱ्हाईक माहिती केंद्राच्या आसपास असेल तर फुकट आहे हे त्याला कळणार, म्हणून आधी दुकानं.

इकडे गाडीत मी आणि सासूबाई. ड्रायव्हरने एसी बंद केला होता, बाहेर मे महिन्याचं ऊन. दोघं परतल्यावर आम्ही म्हटलं, बॅगा काढा, आम्ही दुसरी टॅक्सी करतो, पासचे आणि बोटीचे पैसे वजा करून बाकी देतो. त्यावर तो डिकीला पाठ लावून उभा राहिला. उरलेले ३,२०० आणि वेटिंगचे ९००, मगच डिकी उघडेल. आवाज चढवला नाही, शिवी दिली नाही. फक्त घड्याळाकडे बघत राहिला. नवरा १०० नंबर लावायला निघाला होता, पण पोलीस येणार, जबाब होणार, विमान चुकणार, चार तिकिटं वाया जाणार, आणि त्यात सासूबाईंना उन्हाने घेरी येऊ लागली होती. ४,१०० रुपये दिले. हे सगळं गणित त्या माणसाला पाठ होतं.

म्हणून पहिली गोष्ट: सामान त्यांच्या गाडीत ठेवून फिरायला निघू नका. बसस्थानकावर किंवा रेल्वे स्टेशनवर सामान ठेवायची सोय आहे का ते आधी विचारून घ्या, नाहीतर एखाद्या हॉटेलात काही तासांसाठी खोली घ्या. बॅगा मोकळ्या असत्या तर आम्ही एक पैसा जास्त दिला नसता. कॅपिटॉलची फेरी सकाळीच उरकून घ्या. वेळा बदलू शकतात, तेव्हा आदल्या दिवशी पर्यटन विभागाला फोन करून खात्री करा. इमारतींच्या आत सोडतील की नाही हे त्या दिवशीच्या कामकाजावर आणि परवानगीवर असतं, त्यामुळे ‘विधानसभा आतून दाखवतो’ असं खासगी माणूस छातीठोकपणे सांगत असेल तर तिथेच फोन ठेवा. ओळखपत्र मूळ लागतं, फोनमधल्या फोटोवर विसंबू नका, आणि आधार कार्डाचा फोटो तर अशा लोकांना पाठवूच नका. फिरायला पर्यटन विभागाची डबलडेकर बसही आहे, तीही अगदी थोडक्या पैशांत. रॉक गार्डनचं तिकीट खिडकीवर आपलं आपण काढा. अधिकृत गाइडकडे फोटोसह ओळखपत्र असतं आणि ते दाखवायला तो कधी आढेवेढे घेत नाही.

तक्रारीचंही सांगते. १३६३ ही पर्यटन मंत्रालयाची चोवीस तासांची हेल्पलाइन आहे, तिथे विमानतळावरूनच फोन केला. त्यांनी सगळं ऐकून नोंद घेतली. ग्राहक हेल्पलाइन १९१५ वर पत्रक, यूपीआयची पावती, व्हॉट्सअॅपचं बोलणं आणि ‘फ्री’ लिहिलेल्या फलकाचा फोटो असं सगळं जोडून तक्रार दिली. चंदीगड पर्यटन विभागालाही ईमेल केला, त्यांचं उत्तर आलं आणि गाडीचा नंबर मागितला, तो आमच्याकडे होता कारण लेकीने गोदामाबाहेर गाडीचा फोटो काढून ठेवला होता. पैसे अजून परत मिळालेले नाहीत. जाहिरात मात्र पंधरवड्यात गायब झाली. गेल्या आठवड्यात तसंच पत्रक, तीच रंगसंगती, पासची तीच ओळ, वेगळ्या नावाने पुन्हा दिसलं. त्यात पास आता माणशी ५०० रुपये आहे. तो स्क्रीनशॉटही मी तक्रारीला जोडला आहे.