आयवॉश-शॉवर: वर्षभर वापरल्यानंतर (पाणी आपलं, टोपण कंपनीचं)

एका प्लास्टिकच्या टोपणासाठी कंपनीने अकराशे रुपयांचं कोटेशन पाठवलं, वर जीएसटी वेगळा, म्हणून हे लिहायला बसलोय. एरवी आयवॉशवर लिहिण्याइतका वेळ कुणाला आहे!

आमचं भोसरी एमआयडीसीत झिंक प्लेटिंगचं काम आहे. मेंटेनन्स माझ्याकडे, म्हणजे रेक्टिफायर (प्लेटिंगला डीसी करंट देणारं यंत्र) आणि ईटीपी (सांडपाणी शुद्ध करायचा प्लांट) यांपासून संडासाच्या फ्लशपर्यंत सगळं. गेल्या मार्चमध्ये आम्ही अंगावर किंवा डोळ्यात रसायन उडालं तर ताबडतोब धुवायचं, शॉवर आणि आयवॉश (डोळे धुवायची जागा) एकत्र असलेलं उभं युनिट घेतलं. वर ओढायची दांडी, मध्ये बाऊल, खाली पेडल, सगळ्यांनी पाहिलेलं असतं तेच. अठरा हजारांच्या आसपास पडलं. पंप आणि प्लंबिंग धरलं की त्याच्या दुप्पट. कंपनीचं नाव लिहीत नाही, भांडण अजून मिटलेलं नाही.

आधी घेण्याबद्दल थोडं. ग्राहक कंपनीच्या ऑडिटमध्ये मुद्दा निघाला तेव्हा शेठचं पहिलं उत्तर होतं, ‘भिंतीला दोन बाटल्या लावा ना.’ त्या अर्ध्या लिटरच्या हिरव्या बाटल्या. मी कागदावर हिशोब करून दाखवला. अमेरिकेचं अ‍ॅन्सी झेड 358.1 हे मानक साध्या आयवॉशला मिनिटाला किमान दीड लिटर पाणी सलग 15 मिनिटं मागतं, म्हणजे साडेबावीस लिटर. म्हणजे 45 बाटल्या, आणि त्या एकामागून एक उघडून डोळ्यात ओतायला माणूस वेगळा. बाटली पहिल्या काही सेकंदांसाठी, युनिटपर्यंत पोचेस्तोवर ठीक. ती युनिटच्या जागी चालत नाही. शिवाय तिच्यावर एक्स्पायरी असते, ती कुणी बघत नाही. शेठ तेव्हा गप्प बसले.

आपल्याकडे यासाठी आयएस 10592 हे भारतीय मानक आहे, 1982 चं. विकणारे मात्र अ‍ॅन्सीच्याच भाषेत बोलतात, त्यामुळे आकडे त्यातले देतोय.

आता टोपण. बाऊलमध्ये दोन नोझल असतात आणि त्यांवर धूळ बसू नये म्हणून दोन पिवळी टोपणं. पेडल दाबलं की पाण्याच्या जोरानेच ती उडाली पाहिजेत, हाताने काढायला लागता कामा नयेत. डोळ्यात अ‍ॅसिड गेलेला माणूस टोपण शोधत बसणार आहे का? इथपर्यंत डिझाइन बरोबर. पण आमच्या युनिटला टोपण ज्या पट्टीने बांधलंय ती पट्टी इतकी आखूड आणि ताठ, की टोपण उडून बाजूला पडण्याऐवजी धारेतच लोंबकळतं आणि गालावर टकटक आपटत राहतं. तीन-चार महिन्यांत डावीकडची पट्टी मुळापासून तुटली. टोपण ड्रेनमधून गेलं.

सर्व्हिसला फोन केला. ‘सर, कॅप स्पेअरमध्ये येत नाही, नोझल असेंब्ली घ्यावी लागेल.’ म्हणजे पितळी नोझल, आतली जाळी, फ्लो कंट्रोलर आणि टोपण असा संच, अकराशे रुपये. माझं नोझल ठणठणीत आहे. मी म्हटलं, टोपणाचा साचा तुमच्याकडे आहे, मशीनमधून मिनिटाला ढीगभर निघत असतील, एक पाकिटात घालून पाठवा. तर उत्तर आलं, ‘सिस्टीममध्ये तसा पार्ट नंबर नाही.’ मग कुरियरचे पैसे मी देतो म्हटलं. तरी नाही. पुढे मेल केला, त्यावर ‘तुमची तक्रार समाधानकारकरीत्या बंद करण्यात आली आहे’ असा मेसेज आला. समाधान कुणाचं झालं हे त्यात लिहिलेलं नव्हतं.

टोपण नाही म्हणून मधले काही आठवडे नोझलवर उलटा प्लास्टिकचा चहाचा कप घालून ठेवला होता. पिकलिंगच्या, म्हणजे लोखंडाचा गंज काढायच्या तेजाबाच्या टाक्यांच्या आसपास हवेत काय काय उडतं ते प्लेटिंगवाल्यांना सांगायला नको.

टोपणाचं रडगाणं पुन्हा येईलच. मोठा विषय पाण्याचा आहे, आणि विकणारा माणूस नेमका त्यावर बोलत नाही. युनिट म्हणजे शेवटी एक नळ. त्याला फ्लो प्रेशर (पाणी वाहत असतानाचा दाब) 30 पीएसआय, म्हणजे साधारण दोन बार लागतं. आमची पाचशे लिटरची काळी टाकी शेडच्या पत्र्याला लागून चार मीटर उंचीवर. तिच्यातून मिळतं 0.4 बार. पहिल्याच दिवशी दांडी ओढली तर शॉवरमधून पाणी आलं की ठिबकलं, हेच कळेना. वर शॉवरला मिनिटाला 75.7 लिटर, 15 मिनिटं चालायला हवा. पाचशे लिटर टाकी सात मिनिटांच्या आत रिकामी. म्हणजे टाकीही मोठी घ्या, प्रेशर पंपही लावा. ‘जोडलं की चालू’ असं ब्रोशरमध्ये लिहिलंय. कशाला जोडायचं ते नाही.

पंप लावला तर प्रश्न गुरुवारचा. गुरुवारी महावितरणची दुरुस्ती निघाली की लाइट नाही, आणि त्या दिवशी कामगार कमी असले तरी टाक्या साफ करणं, अ‍ॅसिड भरणं ही जोखमीची कामं नेमकी तेव्हाच काढली जातात. जनरेटर सुरू व्हायला लागणारा वेळ डोळ्याला परवडत नाही. शेवटी शेजारच्या ऑफिस बिल्डिंगच्या गच्चीवरच्या टाकीतून एक बायपास लाइन आणली, एनआरव्ही (पाणी उलट जाऊ न देणारा व्हॉल्व्ह) टाकून. लाइट गेली तरी आयवॉशला धार येते. शॉवर मात्र तेव्हा मरतुकडाच. हे अजून पूर्ण सुटलेलं नाही.

मे महिन्यात आणखी एक गोष्ट कळली. दुपारी टेस्ट घेताना हात मागे घेतला. बाथचा (प्लेटिंगच्या टाकीचा) थर्मामीटर आणून धारेत धरला तर 46 अंश. चहाचं आधण टाकावं असं पाणी. मानक सांगतं 16 ते 38 अंश, कारण त्याहून गरम पाण्याने रसायनाचा परिणाम वाढू शकतो, आणि दुसरं म्हणजे तसल्या पाण्यात 15 मिनिटं डोळा उघडा ठेवणं माणसाला जमत नाही. दोष युनिटचा नव्हता. काळी टाकी आणि पत्र्यावरून आणलेला उघडा पाइप. टाकीवर पांढरा रंग आणि शेडनेट, पाइपावर फोमचं इन्सुलेशन केलं, तेव्हा आकडा पस्तिशीत आला. पाणी ठराविक तापमानाच्या वर गेलं की आपोआप थोडं सोडून देणारा व्हॉल्व्हही मिळतो. त्याची किंमत ऐकून मी शेडनेटचा दुसरा थर टाकला. हिवाळ्यात पहाटेचं पाणी उलट सोळाच्या खाली जातं. पहिल्या पाळीची टेस्ट मी मुद्दाम सात वाजता घेतो, म्हणजे खरं काय ते कळतं.

टेस्ट आठवड्यातून एकदा घ्यायचीच. पाइपात साचलेल्या पाण्यात गंज तर असतोच, पण अकँथअमीबा, स्युडोमोनाससारखे सूक्ष्म जीव वाढतात आणि ते थेट डोळ्यात जातात. शेठची तक्रार होती की दर आठवड्याला पाणी वाया जातं. त्यावर उपाय बादली. इंची पाइपात मीटरमागे अर्धा लिटर पाणी मावतं. आमची तीस मीटरची लाइन, म्हणजे पंधरा लिटर सोडलं की शिळं पाणी गेलं. आमचं युनिट डोळे आणि चेहरा दोन्ही धुणारं, त्याला मिनिटाला 11.4 लिटर हवेत. म्हणजे पंधरा लिटरची बादली एक मिनिट वीस सेकंदांच्या आत भरली पाहिजे. जास्त वेळ लागला की जाळी चोंदली समजायचं. बादलीतलं पाणी फरशीला जातं. फ्लो मीटर घेतलेला नाही, घेणारही नाही.

बोअरचं पाणी या युनिटला अजिबात लावू नका. पहिल्या उन्हाळ्यात टंचाईत टँकर आणि बोअर चाललं, आणि नोझलच्या जाळीवर, टोपणाच्या आतल्या कडेला क्षाराचा पांढरा थर बसला. उजवं टोपण असं चिकटलं की पेडल दाबल्यावर एकाच डोळ्याला धार. व्हिनेगरमध्ये रात्रभर बुडवून निघालं. टोपण सैलच बसलं पाहिजे, हे तेव्हा डोक्यात पक्कं बसलं.

पेडलबद्दल माझं मत मात्र पूर्ण बदललं. सुरुवातीचे महिने मी त्याला शोभेची वस्तू म्हणत होतो. त्याच्या सांध्यात हुकाचे तुकडे, तार, चिखल, सगळं अडकतं, आणि हाताची पुश प्लेट असताना ते कशाला? डिसेंबरमध्ये डिग्रीझिंगच्या (तेल-ग्रीस काढायच्या) बाथमध्ये कॉस्टिक सोड्याचे फ्लेक्स टाकताना एका हेल्परच्या डोळ्यात शिंतोडा गेला. गॉगल होता, कपाळावर. जोडीदाराने त्याला मानेला धरून आणला, येतायेताच पायाने पेडल दाबलं आणि पाय काढून घेतला. पाणी चालूच राहिलं. त्यामुळे दोघांचेही दोन्ही हात मोकळे. पोरगा डोळा गच्च मिटून घेत होता, जोडीदार अंगठ्यांनी त्याच्या पापण्या वर-खाली ओढून धरत होता. तीन-चार मिनिटांत ‘झालं, बरं वाटतंय’ म्हणून तो उठायला लागला. सुपरवायझरने खांदे दाबून घड्याळाकडे बोट दाखवलं. कॉस्टिक म्हणजे अल्कली, आणि अल्कली अ‍ॅसिडपेक्षा खोल मुरतो, आग कमी झाली म्हणून तो निघून गेलेला नसतो. पूर्ण 15 मिनिटं धुऊन मग हॉस्पिटल. तिथे डॉक्टरांनी आधी लिटमसची पट्टी पापणीच्या आत टेकवून बघितली. काही दिवसांत पोरगा कामावर आला. तेव्हापासून पेडलला दर आठवड्याला ग्रीस लागतं आणि त्याच्याभोवती पिवळा चौकोन आखलाय. त्यात बॅरल ठेवणाऱ्याला मी स्वतः शिव्या घालतो.

जागा हाही खर्चाचा भाग धरा. दहा सेकंदांत पोचता आलं पाहिजे, त्याच पातळीवर, मध्ये पायरी किंवा अडथळा नको. तीव्र अ‍ॅसिड-कॉस्टिकला तर अगदी शेजारीच. सेल्समन गेटजवळ लावायला सांगत होता, ‘ऑडिटरला दिसतं’ म्हणून. सांडपाण्याची लाइन ईटीपीकडे वळवली, कारण धुतलेलं पाणी म्हणजे रसायनच.

बॉडीबद्दल. चकचकीत एसएस 304 (स्टेनलेस स्टील) बघून सगळे खूश होतात. हायड्रोक्लोरिकच्या वाफेत त्यावर पावसाळा संपेपर्यंत तपकिरी डाग आणि बारीक खड्डे पडले. त्याहून महागडं 316 स्टीलही त्या वाफेत फार काळ टिकत नाही. प्लेटिंगवाल्यांनी पावडर कोटिंगचा जीआय (जस्ताचा थर दिलेला लोखंडी) पाइप आणि एबीएस प्लास्टिकचा बाऊल घ्यावा. स्वस्तही पडतो.

रजिस्टर हा वेगळाच तमाशा. युनिटला तारखांचं कार्ड लटकवलं होतं. एकदा बघतो तर पुढच्या दोन आठवड्यांच्या सह्या आधीच केलेल्या. आता सहीच्या जागी बादली भरायला लागलेले सेकंद लिहायचे. खोटे सेकंद लिहायलाही थोडं डोकं लागतं, आणि दर वेळी तोच आकडा आला की मला कळतं.

तर टोपण. पुण्यातल्या बोहरी आळीच्या हार्डवेअर बाजारात चौकशी केली, दुकानदारांनी माझ्याकडे दयेने बघितलं. भोसरीतल्याच एका टर्नरकडून नायलॉनची करून घेतली, सुबक झाली, पण जड आणि घट्ट, उडेचनात. शेवटी शेजारच्या गाळ्यात हायड्रॉलिक फिटिंग पॅक होतात, तिथे पाइपच्या तोंडावर लावायच्या पातळ प्लास्टिकच्या कॅपचं पोतं दिसलं. त्यांनी मूठभर अशाच दिल्या, पैसे घेतले नाहीत. एक मापाची निघाली. सैल बसते, हलकी आहे, पाणी आलं की टुणकन उडते. लांब नायलॉनच्या दोरीने खाली बांधली, धारेत येत नाही. गेल्या महिन्यात ग्राहक कंपनीचा ऑडिटर आला, त्याने पेडल दाबलं, दोन्ही कॅप उडाल्या, त्याने काहीतरी लिहून घेतलं आणि पुढे गेला. अकराशेला मिळणाऱ्या टोपणापेक्षा हे फुकटचं चांगलं चालतं, आणि हे मी कंपनीला मेलवर फोटोसकट कळवलंय.

पाचापैकी किती द्यायचे? व्हॉल्व्ह झटक्यात उघडतो, उघडा राहतो, वर्षभरात गळला नाही. यंत्राला साडेचार. सर्व्हिसला शून्य. सरासरी ज्याने त्याने काढावी.

दुसऱ्या शेडसाठी याच कंपनीचं एबीएस बाऊलवालं मॉडेल मागवलंय, कारण व्हॉल्व्ह खरंच चांगला आहे. ऑर्डरवर ‘टोपणाच्या चार जोड्या सोबत’ असं हाताने लिहिलं, त्यांनी दोन मान्य केल्या. लाइन पत्र्यावरून नेली तर वीस फूट पाइप वाचतो, असं प्लंबर काल सांगत होता. त्याला मे महिन्यात दुपारी दोन वाजता यायला सांगितलंय.